टंकयंत्राची सवय आणि संगणकावरील मराठी अक्षर

लालबागेत मुंबई गॅस कंपनीच्या कारखान्याशेजारच्या एका लहानशा शेडमध्ये अर्देशीर गोदरेज यांनी १८९७ साली कुलपे घडविण्यास आरंभ केला, आणि त्याच उद्योगातून विस्तार पावलेल्या गोदरेज अँड बॉइस या कंपनीने १९५५ साली भारतीय बनावटीचे पहिले टंकयंत्र तयार केले, ही गोष्ट काळाचौकीच्या रहिवाशाने आपल्या परिसराच्या इतिहासात आवर्जून नोंदवून ठेवावी अशी आहे. ज्या कारखान्याची पाळेमुळे आमच्या वस्तीपासून इतक्या जवळ रुजली, त्याच्या यंत्राशी पुढे याच वस्तीतील कितीतरी घरांची रोजीरोटी जोडली गेली. १ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य स्थापन झाले, १९६४ साली राजभाषेचा अधिनियम संमत झाला, आणि सरकारी कचेऱ्यांतील मसुदे, हुकूम, परिपत्रके व शेरे जसजसे मराठीतून उमटू लागले तसतशी मराठी टंकलेखकांची निकड वाढत गेली. कापडगिरणीतील साच्यावर राबणाऱ्या बापाने आपल्या मुलीला टायपिंगच्या क्लासला धाडावे आणि मिनिटाला ३० शब्दांच्या गतीची सरकारी परीक्षा उत्तीर्ण होऊन तिने एखाद्या कचेरीत टंकलेखकाच्या हुद्द्यावर रुजू व्हावे, ही गिरणगावातील अनेक कुटुंबांची मनीषा होती, आणि ती पुष्कळांच्या बाबतीत सफळही झाली.

पुढे २००९ साली गोदरेजच्या सातारा जिल्ह्यातील शिरवळ येथील कारखान्यात टंकयंत्रांचे उत्पादन थांबले. ज्या कामासाठी पूर्वी क्लासचा दाखला लागे ते काम आता नाक्यावरच्या डीटीपीच्या दुकानात, शाळेच्या कार्यालयात, गणेशोत्सव मंडळाच्या खोलीत आणि घरोघरच्या टेबलावर होते. अहवाल, निमंत्रणपत्रिका, पावतीपुस्तके, सोसायटीच्या सभेच्या नोटिसा, वकिलाकडे द्यावयाचे अर्ज हे सारे संगणकावर तयार होते. यंत्र बदलले तरी त्या यंत्राने बोटांना आणि डोळ्यांना लावलेले वळण मात्र बदललेले नाही. इतकेच नव्हे तर ज्यांनी टंकयंत्राला कधी हातही लावला नाही अशा तरुणांनीही जुन्या टंकलेखकांचे पाहून तेच वळण उचलले आहे. संगणक हा टंकयंत्राचा वारस आहे असा समज या साऱ्याच्या मुळाशी आहे. माझ्या मते तो समज चुकीचा आहे. कळांची मांडणी तेवढी संगणकाने टंकयंत्राकडून घेतली. त्याचे खरे घराणे आहे ते छापखान्यातील खिळे जुळणाऱ्या जुळाऱ्याचे, आणि संगणकावर मराठी लिहिणाऱ्याने आपल्या सवयीही त्याच घराण्याकडून घ्यावयास हव्यात.

हा भेद ध्यानात येण्यासाठी टंकयंत्राची रचना थोडी पाहिली पाहिजे. सामान्य टंकयंत्रात अक्षर कोणतेही असो, ते उमटल्यावर कागद ठराविक अंतरानेच सरकतो; पायका मापाच्या इंग्रजी यंत्रावर एका इंचात १० आणि एलिट मापाच्या यंत्रावर १२ अक्षरे बसतात, आणि सामान्यतः एका इंचात ६ ओळी. रोमन लिपीतील ‘आय’ आणि ‘एम’ यांना सारखीच जागा देण्यात जो अन्याय होतो, त्याहून अधिक अन्याय देवनागरीत ‘र’ आणि ‘क’ यांना सारखीच जागा देण्यात होतो. शिवाय कळा मर्यादित. प्रत्येक कळीवर दोन चिन्हे धरली तरी सारा संच सुमारे ९० चिन्हांत आटोपावा लागे; आणि देवनागरीची मुळाक्षरे, स्वरचिन्हे, अंक, विरामचिन्हे व जोडाक्षरे यांना एवढ्याशा जागेत कोंबणे हे मूळचेच दुर्घट काम होते. ज्या तंत्रज्ञांनी ते पार पाडले त्यांच्या कल्पकतेविषयी मला आदर वाटतो. ‘भ’, ‘ध’, ‘थ’, ‘ण’ यांसारख्या अक्षरांचा अर्धा भाग एका कळीवर ठेवून त्यापुढे काना उमटवून अक्षर पुरे करावे, ‘अ’पुढे काना देऊन ‘आ’ साधावा, त्यावर मात्रा चढवून ‘ओ’ करावा, ‘इ’वर रफार ठेवून ‘ई’ बनवावी, मात्रा व उकार यांच्या कळा अशा बसवाव्या की त्या दाबल्या तरी कागद पुढे सरकू नये, अशा युक्त्यांनी त्यांनी मराठी पत्रव्यवहार शक्य केला. पण या युक्त्या लिपीच्या प्रकृतीतून निघालेल्या नव्हत्या. कळांच्या टंचाईतून निघालेल्या तडजोडी होत्या, आणि टंचाई सरल्यावर तडजोड चालू ठेवण्याचे प्रयोजन उरत नाही.

तडजोडीपूर्वी मराठी अक्षराची इभ्रत काय होती, हे पाहावयास काळाचौकीहून गिरगाव आणि काळबादेवीकडे जावे लागते. गणपत कृष्णाजी यांनी १८३१ साली शिळाछापावर पंचांग छापले आणि पुढे स्वतः खिळे पाडून छपाई केली. अमेरिकन मिशनच्या छापखान्यात टॉमस ग्रॅहम यांनी देवनागरी खिळ्यांना वळण लावले. जावजी दादाजी यांनी १८६४ साली खिळ्यांचा कारखाना आणि १८६९ साली निर्णयसागर छापखाना उभारला, आणि राणोजी रावजी आरू यांच्यासारख्या कसबी कारागिराच्या हातून उतरलेले तेथील टाइप हिंदुस्थानभर प्रमाण मानले गेले. जोडाक्षरांच्या संख्येमुळे देवनागरीचा जुळारी शेकडो घरांच्या केसपुढे, म्हणजे खिळ्यांच्या खणांपुढे, उभा राही, आणि ही संख्या कमी करावी म्हणून लोकमान्य टिळकांनीही केसरीच्या कामातून सवड काढून टाइपांच्या संचाचा विचार केला होता. पुढे गिरगावातील खटाववाडीच्या मौज प्रिंटिंग ब्यूरोने मुद्रितशोधन आणि पृष्ठरचना यांचा जो आदर्श घालून दिला तो पुस्तकप्रेमी वाचकांच्या परिचयाचा आहेच. शासकीय मुद्रणालयाची धुरा वाहिलेल्या बापूराव नाईक यांनी या साऱ्या परंपरेचा अभ्यास देवनागरी मुद्रणावरील आपल्या इंग्रजी बृहद्ग्रंथात आणि ‘भारतीय ग्रंथमुद्रण’ या मराठी ग्रंथात मांडून ठेवला. संगणकावर अक्षर टाइप करणाऱ्या कोणत्याही मराठी माणसाला ही परंपरा वारसाहक्काने मिळालेली आहे. तिचा ताबा घेणे तेवढे बाकी असते.

आता सवयींकडे वळू. यांपैकी सर्वांत घातक, आणि डोळ्यांना न दिसणारी असल्यामुळे सर्वांत चिवट सवय आहे ती अक्षराचे नुसते चित्र तयार करण्याची. टंकयंत्रावर ‘अ’पुढे काना दिला की कागदावर ‘आ’ दिसे, आणि कागदावर जे दिसे तेच अंतिम असे. संगणकात तसे नाही. आज सर्वत्र स्वीकारलेल्या युनिकोड या संकेतप्रणालीत देवनागरीसाठी १२८ जागांचा एक विभाग राखलेला आहे आणि त्यात ‘आ’ला स्वतःचा क्रमांक आहे, ‘ओ’ला निराळा आहे, कान्याला निराळा आहे. ‘अ’ आणि काना जोडून केलेला ‘आ’ पडद्यावर कदाचित बिनबोभाट दिसेल. पण तो संगणकाच्या लेखी ‘आ’ नव्हे. अशा रीतीने ‘आजगावकर’ हे आडनाव मतदारयादीत किंवा सभासदांच्या नोंदवहीत लिहिले गेले, तर शोध घेणाऱ्याला ते सापडणार नाही, अकारविल्हे यादीत ते भलत्याच स्थळी जाऊन बसेल, आणि त्या सभासदाला आपण यादीत असूनही नसल्याचा अनुभव येईल.

हीच गोष्ट विसर्गाची. टंकयंत्रावर बहुधा एकाच कळीने विसर्गाचे आणि अपूर्णविरामाचे अशी दोन्ही कामे भागवावी लागत, कारण दोन्ही चिन्हे म्हणजे एकावर एक दोन ठिपके. संगणकात ती भिन्न चिन्हे आहेत. ‘दुःख’, ‘स्वतः’, ‘अंतःकरण’ या शब्दांत अपूर्णविराम घातला की शब्दाचे दोन तुकडे होतात. विसर्ग अक्षराला चिकटून राहतो, अपूर्णविराम सुटा पडतो, आणि ओळीच्या अखेरीस शब्द आला तर ‘ख’ एकटाच खालच्या ओळीत उतरू शकतो. याच्या उलट ‘विषय’ किंवा ‘प्रति’ यांच्यापुढे विसर्ग दिलेला सरकारी पत्रांत आढळतो, तोही तितकाच चूक. अपूर्णविरामापुढे आडवी रेघ ओढण्याची जी जुनी दफ्तरी रीत आहे, तीही आता सोडून द्यावयास हरकत नाही; अपूर्णविराम एकटा आपले काम पुरेसे करतो.

रकाराचे प्रकरण तर मराठीत विशेष महत्त्वाचे आहे, आणि त्याविषयी परभाषेतील मार्गदर्शक पुस्तकात सहसा मदत मिळणार नाही. ‘दर्या’ म्हणजे समुद्र आणि ‘दऱ्या’ म्हणजे डोंगरांमधल्या खोल जागा. आचार्यांना नमस्कार करावयाचा आणि आचाऱ्यांना जेवणाचा मेनू सांगावयाचा. रफार आणि हा अर्धा रकार यांतील फरक मराठी लेखनात अर्थाचा फरक आहे. तो सहजी उमटत नाही म्हणून ‘दुसर्या’, ‘कचेर्या’, ‘सार्या’ असे लिहून पुढे जाण्याची आळशी प्रथा संगणकयुगाच्या आरंभी पडली, आणि ती अजून पुरती गेलेली नाही. इन्स्क्रिप्ट या भारतीय लिप्यांसाठीच्या कळफलकावर नुक्त्याचा ‘ऱ’ देऊन त्याचा पाय मोडावा व पुढे ‘य’ किंवा ‘ह’ लिहावा, म्हणजे ‘ऱ्य’ आणि ‘ऱ्ह’ निर्वेधपणे साधतात; एवढ्यासाठी मोडी आणि शिळाछापापासून चालत आलेला मराठीचा एक विशेष गमावण्याचे कारण नाही. ‘ॲ’ची कथाही अशीच. ‘ॲसिड’, ‘ॲड्व्होकेट’ या शब्दांतील आद्य स्वराला युनिकोडमध्ये २००८ साली स्वतंत्र स्थान मिळाले. तेव्हापासून ‘अ’वर अर्धचंद्र चढविण्याची किंवा हिंदी वळणाने ‘ऐसिड’ लिहिण्याची गरज संपलेली आहे.

वेलांटीचा क्रमही येथेच सांगून टाकतो. टंकयंत्रावर ऱ्हस्व वेलांटी अक्षराच्या आधी दाबावी लागे, कारण ती कागदावर आधी दिसते. जुळारीही ती आधीच बसवी. युनिकोडमध्ये मात्र लेखन उच्चाराच्या क्रमाने साठविले जाते: आधी व्यंजन, मग स्वर. येथे संगणक टंकयंत्रापासूनही दूर गेला आहे आणि छापखान्यापासूनही, आणि तो ध्वनीच्या अधिक जवळ आला आहे, ज्याबद्दल पाणिनीच्या देशातील माणसाने संतोष मानावा. जुन्या सवयीने वेलांटी आधी दाबली की ती पूर्वीच्या अक्षराला जाऊन बिलगते, किंवा एका पोकळ वर्तुळावर अधांतरी लटकत राहते.

दिसणाऱ्या सवयींपैकी अधोरेखनाची सवय प्रथम सुटली पाहिजे. टंकयंत्रावर एकच ठसा असल्यामुळे महत्त्व दाखविण्याचे साधन म्हणून शब्दाखाली रेघ ओढण्यावाचून गत्यंतर नव्हते, आणि मथळ्याखाली दुहेरी रेघ ओढणे हे तर टापटिपीचे लक्षण मानले जाई. पण देवनागरीत ओळीखालची जागा रिकामी नसते. तेथे ऱ्हस्व-दीर्घ उकार असतात, ऋकार असतो, ‘ट्र’, ‘ड्र’ यांचे पाय असतात, आणि रेघ नेमकी त्यांना छेदून जाते. वर शिरोरेषा आणि खाली अधोरेषा अशा दोन रेघांत सापडलेला ‘कुटुंबप्रमुख’ वाचताना डोळ्यांना जो शीण होतो तो अकारण आहे. छापखान्यात महत्त्व दाखवावयाचे ते जाड ठशाने किंवा टाइपाचा आकार वाढवून, आणि संगणक या दोन्ही सोयी देतो. तिरक्या अक्षरांचा मोहही आवरावा: तिरपा टाइप ही रोमन लिपीची परंपरा आहे, देवनागरीची नव्हे; संगणक बहुतेक वेळा उभ्याच अक्षराला यांत्रिकपणे एका बाजूला ढकलतो आणि त्यात उभे दंड कलंडतात. अक्षरे सुटी करून, मध्ये जागा सोडून मथळा रुंद करण्याची जी रीत आहे तिने शिरोरेषेचे तुकडे पडतात; शब्द एका रेषेखाली बांधलेला राहतो हेच ज्या लिपीचे मुख्य लक्षण, तिच्यावर असा प्रयोग करू नये.

रिकाम्या जागेविषयी थोडक्यात लिहितो, कारण हे नियम सर्व भाषांना सारखेच लागू आहेत. पूर्णविरामानंतर एकच जागा सोडावी. दोन सोडण्याची रीत टंकयंत्राच्या समान रुंदीच्या अक्षरांत उपयुक्त मानली जाई, तिची आता जरुरी नाही. स्वल्पविराम, पूर्णविराम, प्रश्नचिन्ह यांच्या आधी जागा सोडूच नये, अन्यथा चिन्ह पुढच्या ओळीच्या आरंभी एकटे जाऊन पडते. ओळ संपली की कॅरेज ओढण्याची सवय असलेले हात संगणकावर प्रत्येक ओळीच्या शेवटी एंटर दाबतात. समास किंवा अक्षराचा आकार बदलताच त्या मजकुराच्या ओळी अर्ध्यावर तुटतात. एंटर परिच्छेद संपल्यावरच दाबावा. वर्गणीदारांची नावे व रकमा स्पेसबार दाबून दाबून एका रांगेत आणण्याचा खटाटोप करू नये. त्यासाठी टॅब आहे, तक्ता आहे. अवतरणचिन्हे वळणदार असावी, उघडणारे निराळे आणि मिटणारे निराळे. संयोगचिन्ह आणि अपसारणचिन्ह यांच्या लांबीतील भेद पाळावा. रुपयासाठी १५ जुलै २०१० रोजी केंद्र सरकारने स्वीकारलेले ₹ हे चिन्ह, ज्याची रचना मुंबई आयआयटीत संशोधन करणाऱ्या डी. उदयकुमार यांनी देवनागरी ‘र’चा आधार घेऊन केली, ते आता कळफलकांवर सुलभ झालेले आहे.

ओळींमधील अंतर मात्र थोडा वेळ थांबून पाहण्याजोगा विषय आहे. जुळारी दोन ओळींच्या मध्ये शिशाच्या पातळ पट्ट्या, म्हणजे लेड, घालीत असे, आणि मराठीसाठी त्या सढळ हाताने घालाव्या लागत, कारण वरच्या ओळीचे उकार आणि खालच्या ओळीच्या मात्रा, रफार व अनुस्वार हे एकाच अरुंद पट्ट्यात येऊन भिडतात. संगणकातील ठरीव अंतर पुष्कळदा रोमन लिपीच्या मापाने बेतलेले असते. १२ पॉइंटचा मराठी मजकूर १८ किंवा २० पॉइंटांच्या अंतराने बसवून पाहावा. कागद थोडा अधिक लागेल, पण वयस्क वाचकही विनासायास वाचू शकेल. न्यायालयांनीही आता याकडे लक्ष दिले आहे: सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली दाखल करावयाच्या कागदपत्रांसाठी ए-फोर आकाराचा कागद, १४ आकाराचे अक्षर, दीडपट ओळ-अंतर आणि डावी-उजवीकडे ४ सेंटिमीटरचा समास असे मापच ठरवून दिले. ते नियम इंग्रजी कागदांसाठी असले, तरी अक्षरांभोवती मोकळी जागा ठेवणे ही उधळपट्टी नसून वाचणाऱ्याची गरज आहे हे त्यातून अधिकृतपणे मान्य झाले.

फॉन्ट निवडताना मराठी वाचकाने आपले वळण पाहावे. महाराष्ट्र शासनाने ६ नोव्हेंबर २००९ रोजीच्या निर्णयाने मराठीच्या वर्णमालेत पाकळीयुक्त ‘ल’ आणि देठयुक्त ‘श’ ही रूपे प्रमाण ठरविली. अनेक फॉन्टांत मात्र हिंदीचे वळण आधी येते. काही काळजीपूर्वक घडविलेल्या फॉन्टांत दोन्ही रूपे असतात आणि मजकुराची भाषा ‘मराठी’ अशी निवडली की आपले रूप आपोआप येते; ती निवड करण्यास विसरू नये. या कामी मुंबईच्या अक्षरकारांनी केलेले कष्ट फार मोठे आहेत. जाहिरातक्षेत्रातून आयआयटीत अध्यापनाकडे वळलेले प्राध्यापक र. कृ. जोशी यांनी ‘मंगल’ आणि ‘रघु’ हे फॉन्ट घडविले, आणि त्यांपैकी ‘मंगल’ विंडोजबरोबर जगभर पोहोचला. कमल शेडगे यांनी मराठी नाटकांच्या जाहिरातींतून अक्षराला व्यक्तिमत्त्व कसे असते हे हजारो वाचकांना नकळत शिकविले. आज ‘एक टाइप’ या मुंबईतील गटाचे ‘मुक्त’ आणि ‘बालू’ हे टाइप कोणालाही विनामूल्य वापरता येतात. त्यामुळे पाच-सहा निरनिराळे फॉन्ट एकाच पत्रिकेत गर्दीने घालण्याऐवजी यांतील एखादा घ्यावा आणि त्याच्याच जाड-बारीक रूपांवर सारे काम भागवावे.

शेवटी एक निकडीची गोष्ट. युनिकोड रूढ होण्यापूर्वीच्या वर्षांत निरनिराळ्या कंपन्यांचे मराठी फॉन्ट स्वतःच्या खाजगी संकेतांवर चालत. त्यांत इंग्रजी अक्षरांच्या जागी मराठी अक्षरांचे तुकडे बसविलेले असत, आणि पुष्कळांची रचना टंकयंत्राच्या कळफलकाप्रमाणेच होती. तो फॉन्ट दुसऱ्या संगणकावर नसला की सारा मजकूर रोमन अक्षरांच्या अर्थहीन ओळींसारखा दिसतो. काळाचौकी, परळ, लालबाग येथील वाचनालये, कामगार संघटना, पतपेढ्या आणि उत्सव मंडळे यांच्या जुन्या संगणकांत असे दस्तऐवज असतील तर ते यंत्र बंद पडण्याची वाट न पाहता आताच युनिकोडमध्ये रूपांतरित करून घ्यावे. त्यासाठी परिवर्तक उपलब्ध आहेत, परंतु त्यांच्यावर संपूर्ण भिस्त ठेवू नये: रूपांतर झाल्यावर रफार, ‘ऱ्य’, विसर्ग, ऱ्हस्व वेलांटी आणि ‘आ’, ‘ओ’, ‘ई’ हे स्वर एकेक करून तपासावे, अंकांची रुजवात घ्यावी, आणि मूळची कागदी छापील प्रत हाती असेल तर दोन माणसांनी बसून, एकाने मोठ्याने वाचावे व दुसऱ्याने पडद्यावर पाहावे, ही मुद्रितशोधकांची जुनी रीतच त्या कामी वापरावी. मूळ फाइल पुसून टाकू नये. ती व रूपांतरित प्रत अशा दोन्ही, तारीख व फॉन्टचे नाव लिहून, निराळ्या ठिकाणी जतन कराव्या.